‘घरीच असते’ असं म्हणू नका

आज हप्ते आणि व्याज बाजूला ठेवू. रस्त्यावर अपघात झाला, माणूस जायबंदी झालं, तर त्याची भरपाई कशी ठरते, हे आज सांगायचं आहे.

आमच्या गटातल्या एका ताईला बाजारातून येताना टेम्पोनं उडवलं. वय 38. उजवा पाय मोडला, आत रॉड घालावा लागला. पोलिसांनी जबाब घेताना विचारलं, “काम काय करता?” ताई म्हणाली, “काही नाही, घरीच असते.” तसंच कागदावर उतरलं. खरं तर ती रोज चार-पाच तास पायाची शिलाई मशीन चालवायची.

पुढे तडजोडीचा आकडा आला, तो दवाखान्याच्या बिलाइतकाही नव्हता. आणि आम्हीच तिला म्हणालो, “मिळतंय ते घे बाई, कोर्टाच्या पायऱ्या कोण चढणार?” ती आमची चूक. ताईनं सही केली नाही, हे तिचं शहाणपण.

मग आम्ही तालुका विधी सेवा समितीकडे गेलो. तिथं महिलांना मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. वकीलबाईंनी समजावलं ते असं.

भरपाई म्हणजे नुसतं औषधपाणी नाही. दवाखान्याला जाण्यायेण्याचा खर्च, सकस आहार, सेवेला राहिलेल्या माणसाचा खर्च, अंथरुणावर असताना बुडालेली कमाई, पुढचं ऑपरेशन, सोसलेल्या वेदना, हे सगळं मागता येतं. सर्वांत मोठी रक्कम असते ती पुढच्या आयुष्यात घटणाऱ्या कमाईची.

इथेच गल्लत होते. प्रमाणपत्रावर पायाचं अपंगत्व 40 टक्के आहे, म्हणून कमाईही 40 टक्केच घटली असं नसतं. 2010 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं राजकुमार खटल्यात हेच सांगितलं. डावा हात गेला, तर सुताराची जवळजवळ सगळी कमाई जाते. कचेरीतल्या कारकुनाची नोकरी कदाचित टिकते. म्हणून जखम कोणती, याबरोबर काम कोणतं, हेही पाहतात.

हिशेब सोपा आहे. महिन्याची कमाई 8,000 धरली, तर वर्षाची 96,000. वयाप्रमाणे गुणक ठरलेला असतो. 36 ते 40 वयाला तो 15 आहे. कमाईची ताकद 30 टक्के घटली असं ठरलं, तर 96,000 गुणिले 15, त्याचे 30 टक्के, म्हणजे 4,32,000 रुपये. आता कमाई ‘काही नाही’ लिहिली, तर गुणायचं कशाला?

आणि जी बाई फक्त घर सांभाळते, तिचं काय? तिच्याही कामाला मोल आहे. घरकामाचं उत्पन्न धरायला हवं, असं सर्वोच्च न्यायालयानं 2021 मध्ये कीर्ती खटल्यात स्पष्ट सांगितलं आहे.

ताईच्या कमाईचा पुरावा कुठे सापडला? आपल्याच गटाच्या दप्तरात. मशीनसाठी घेतलेलं कर्ज, दर महिन्याला शिलाईतून भरलेला हप्ता, बैठकीच्या वहीतल्या नोंदी. त्याला गिऱ्हाइकांच्या मापांची वही जोडली.

तर मैत्रिणींनो, एवढं लक्षात ठेवा. जबाबात आपलं प्रत्येक काम सांगा: शिवण, म्हशी, मजुरी, घरकाम. फिर्यादीची प्रत, पंचनामा, डिस्चार्ज कार्ड, प्रत्येक पावती एका पिशवीत ठेवा. उपचार करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष लागते, त्यांना आधीच विचारून ठेवा. आपण राहतो तिथल्या मोटार अपघात दावा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो. पण उशीर नको. 1 एप्रिल 2022 पासून कायद्यात अपघातानंतर सहा महिन्यांची मुदत आहे. आणि न वाचता, न विचारता कुठेही सही-अंगठा नको.

ताईचा दावा अजून चालू आहे. किती मिळतील, ते आत्ता सांगता येत नाही. पण तिच्या अर्जात आता कामाच्या रकान्यात ‘शिलाईकाम आणि घरकाम’ असं लिहिलेलं आहे. परवा बैठकीत कुणीतरी सहज म्हणालं, “मी काय, घरीच असते.” तेव्हा सगळ्यांच्या आधी ताईनंच तिला टोकलं.