प्रतिस्पर्ध्याचा रकाना



आपल्या चिटणीसांनी विषय कळविण्याविषयी मला दोन स्मरणपत्रे धाडली, तेव्हा मी उत्तरादाखल ‘चर्चिल यांच्या निवडणुका’ एवढेच लिहून पाठविले होते. कार्यक्रमपत्रिकेत मात्र ते ‘चर्चिल : जीवन आणि कार्य’ असे भारदस्त होऊन छापले गेले आहे. जीवन आणि कार्य ऐकण्याच्या अपेक्षेने जे आले असतील त्यांची मी आरंभीच क्षमा मागतो. माझ्या हाती आहे तो आकड्यांचा एक साधा कागद. सन १८९९ पासून सन १९५९ पर्यंतच्या साठ वर्षांत विन्स्टन चर्चिल पार्लमेंटच्या सभासदत्वासाठी जितक्या वेळा मतदारांपुढे उभे राहिले तितक्या, म्हणजे एकवीस, ओळी या कागदावर आहेत. त्यांपैकी सोळांत जय आहे, पाचांत पराजय आहे, आणि पाचही पराजय वयाची पन्नास वर्षे पुरी होण्यापूर्वीचे आहेत.

निवडणुकीचा निकाल वाचताना आपला डोळा प्रथम निवडून आलेल्याच्या नावाकडे जातो, आणि तो गृहस्थ पुढे जगप्रसिद्ध झाला असेल तर त्याच्या शेजारी कोणाची नावे होती हे पाहण्याची कोणास गरजही वाटत नाही. मी हा कागद पुष्कळदा चाळला तेव्हा माझा अनुभव उलट झाला. चर्चिल यांच्या स्वतःच्या मतांचा रकाना मला फारसे काही सांगेना; बोलू लागला तो प्रतिस्पर्ध्यांचा रकाना. आजचे व्याख्यान त्या दुसऱ्या रकान्याविषयी आहे.

आरंभ आपल्याच बंदरापासून करावा लागतो. सन १८९६ च्या ऑक्टोबरात घोडदळाच्या पलटणीतील हा तरुण अधिकारी मुंबईस उतरला, तो ससून डॉकच्या निसरड्या पायऱ्यांपाशी खांदा निखळवून घेऊनच. पुढे पुण्याच्या छावणीत मुक्काम करून तो बंगळूरला गेला, आणि तेथे दुपारच्या उन्हात इतर अधिकारी निद्रासुख घेत असता हा इतिहासग्रंथांची पारायणे करीत बसे. बाप भारतमंत्री होऊन गेलेला. तेव्हा मुलाच्या डोक्यात पार्लमेंटचे वेड शिरावे हे नवल नव्हे. फौजेचा राजीनामा देऊन १८९९ च्या जुलैत तो लँकेशायरमधील ओल्डहॅम या गावी पोटनिवडणुकीस उभा राहिला.

ओल्डहॅम हे सूतगिरण्यांचे गाव. त्या गिरण्यांच्या हितासाठी हिंदुस्थान सरकारने १८९६ साली मुंबईच्या गिरण्यांच्या कापडावर साडेतीन टक्के अंतर्गत जकात बसविली होती, आणि ती रद्द व्हावी म्हणून आपल्या गिरणीमालकांना व पुढे गिरणी-कामगारांना तब्बल तीस वर्षे झगडावे लागले. ओल्डहॅमच्या मतदाराच्या भाकरीचा असा आपल्या भाकरीशी थेट संबंध होता. फक्त त्याला मत होते आणि आपणांस नव्हते. गावाला दोन जागा असत व प्रत्येक मतदारास दोन मते. एमट यांना १२,९७६, रन्सिमन यांना १२,७७०, चर्चिल यांना ११,४७७. आणि सूतकातणाऱ्यांच्या संघाचे चिटणीस मॉड्स्ली, जे या उमरावाच्या नातवाचे जोडीदार म्हणून उभे होते, त्यांना ११,४४९. चर्चिल पडले. पुढच्या वर्षी बोअर युद्धाच्या धामधुमीत सार्वत्रिक निवडणूक झाली. मधल्या काळात चर्चिल बोअरांच्या कैदेतून पळाले होते, आणि ज्या खाणीत त्यांना लपवून ठेवले गेले तेथील एक इंजिनिअर योगायोगाने ओल्डहॅमचाच रहिवासी निघाला होता! या वेळी एमट १२,९४७, चर्चिल १२,९३१, रन्सिमन १२,७०९. आता बारकाईने पाहा. सारे इंग्लंड ज्याच्या पलायनाच्या कथेने भारावले होते त्या वीराला दुसरी जागा मिळाली ती अवघ्या २२२ मतांच्या आधिक्याने, आणि पहिल्या क्रमांकावर राहिला तो विरुद्ध पक्षाचाच गृहस्थ. कीर्तीचा बाजारभाव त्या गिरणगावात हजार-दीड हजार मतांहून जास्त नव्हता.

खुल्या व्यापाराच्या प्रश्नावर ३१ मे १९०४ रोजी चर्चिल सभागृहात कॉन्झर्व्हेटिव्ह बाकांवरून उठून लिबरल बाकांवर जाऊन बसले. पक्षांतर हा शब्द आपल्याकडे आता शिवीसारखा वापरला जातो, म्हणून त्यावर अधिक बोलत नाही. इतकेच म्हणतो की १९०६ साली वायव्य मँचेस्टरने त्यांना ५,६३९ विरुद्ध ४,३९८ मतांनी निवडून दिले, आणि त्याच शहरात माजी पंतप्रधान बाल्फोर पडले. दोन वर्षांनी मंत्रिमंडळात बढती मिळाली. त्या काळी इंग्लंडात असा शिरस्ता होता की मंत्रिपद स्वीकारणाऱ्या सभासदाने पुन्हा एकवार मतदारांचा कौल घ्यावा. राजाच्या पगाराची लालूच सभासदास भ्रष्ट करील या अठराव्या शतकातील भीतीपोटी निघालेला हा नियम. मँचेस्टरने १९०६ साली त्यांनी ज्यांना हरविले होते त्याच जॉइन्सन-हिक्स यांना ५,४१७ मते दिली आणि नव्या मंत्रिमहोदयांना ४,९८८. पराभवाची शाई वाळते न वाळते तोच स्कॉटलंडमधील डंडी शहराच्या लिबरल मंडळींचे बोलावणे आले.

येथे मला जरा थांबावयाचे आहे, कारण या कागदावर वाचण्याजोगे जे काही आहे त्याचा निम्मा भाग डंडीचा आहे. डंडी हे तागाचे शहर. बंगालमधून ताग जहाजांनी जाई आणि तेथे त्याची गोणपाटे विणली जात. गिरण्यांत स्त्रिया अधिक, मजुरी कमी, घरे कोंदट आणि मद्यपान अतोनात. १९०८ च्या मे महिन्यातील पोटनिवडणुकीत चर्चिल यांना ७,०७९ मते पडली, बॅक्स्टर यांना ४,३७०, मजूर पक्षाच्या स्ट्युअर्ट यांना ४,०१४. आणि सर्वांच्या तळाशी एडविन स्क्रिमजर नावाच्या दारूबंदीच्या प्रचारकाला ६५५. इतिहासकाराची नजर त्या ६५५ वर कशाला ठरावी? ज्यास हसावे आणि विसरावे असा तो आकडा होता.

स्क्रिमजर मात्र विसरावयास तयार नव्हते. पुढची चौदा वर्षे चर्चिल जितक्या वेळा डंडीला उभे राहिले तितक्या वेळा हे गृहस्थ, बायबल आणि दारूबंदी या दोन आयुधांनिशी, समोर उभे. १९१० च्या जानेवारीत त्यांना १,५१२ मते पडली; त्याच वर्षाच्या डिसेंबरात १,८२५; १९१७ साली, डार्डनेल्सच्या अपयशानंतर चर्चिल दारूगोळा-खात्याचे मंत्री होऊन पुन्हा कौल घ्यावयास गेले तेव्हा २,०३६; १९१८ साली १०,४२३. या अवधीत चर्चिल व्यापारमंत्री, गृहमंत्री, आरमारमंत्री, युद्धमंत्री, वसाहतमंत्री अशी एकेक पायरी चढत अथवा घसरत होते. ज्या राज्याने दारूबंदीचा कायदा स्वतः अनुभवला आहे त्यातील श्रोत्यांना या विषयावर मी काय सांगावे! पण दारूबंदीच्या नावावर पार्लमेंटची निवडणूक लढवून जिंकलेला मनुष्य ब्रिटनच्या इतिहासात एकच झाला, आणि त्याने हरविले ते शँपेनचे इतके मोठे भोक्ते, हा विनोद नियतीनेच रचलेला आहे.

१९२२ च्या नोव्हेंबरातील निकाल असा : स्क्रिमजर ३२,५७८, मजूर पक्षाचे मोरेल ३०,२९२, मॅक्डोनल्ड २२,२४४, चर्चिल २०,४६६. चरित्रकार या पराभवाची कारणे चर्चिल यांच्या ठिकाणी शोधतात. आंत्रपुच्छाची शस्त्रक्रिया झाली होती. प्रचारासाठी पत्नीला तान्ह्या मुलीसह डंडीत जावे लागले. ते स्वतः अखेरच्या काही दिवसांत पोहोचले तेव्हा त्यांना खुर्चीतून उचलून सभास्थानी न्यावे लागे. एकाच फटक्यात मंत्रिपद, जागा, पक्ष आणि आंत्रपुच्छ चारही गमावल्याचा त्यांचा स्वतःचा विनोद तर सर्वतोमुखी आहे. हे सारे खरे. पण कागद काय सांगतो? १९१८ साली चर्चिल यांना २५,७८८ मते होती, म्हणजे त्यांची घट ५,३२२ मतांची. स्क्रिमजर यांची वाढ मात्र २२,१५५ मतांची! आजारी उमेदवार पाच हजार मते गमावू शकेल; प्रतिपक्षाच्या बावीस हजारांचा हिशेब त्याच्या आंत्रपुच्छातून निघत नाही.

तो हिशेब दुसऱ्या मतात आहे. डंडीच्या मतदाराला दोन मते असत हे ध्यानात ठेवा. १९१० साली मजूर पक्षाने विल्की हा एकच उमेदवार उभा केला. पहिले मत विल्की यांना देणारा गिरणी-कामगार दुसरे बहुधा चर्चिल यांना देई, आणि म्हणूनच दोघांचे आकडे १०,७४७ व १०,३६५ असे सख्ख्या भावांसारखे दिसतात. १९१८ सालापर्यंत ही अलिखित भागीदारी टिकली. त्यानंतर तागाच्या धंद्यात मंदी आली, बेकारी वाढली, आणि चर्चिल समाजवादाच्या नावाने कडाकडा बोटे मोडू लागले. १९२२ साली मजूर पक्षाने पुन्हा एकच उमेदवार दिला. या वेळी कामगाराचे आणि १९१८ च्या कायद्याने मताधिकार मिळालेल्या तिशीपुढच्या गिरणीतील बाईचे दुसरे मत स्क्रिमजर यांच्या पेटीत गेले. त्या बाईला दारूबंदीचे तत्त्वज्ञान कोणी शिकवावयास नको होते. शनिवारचा पगार घरी किती येतो हे तिला ठाऊक होते. डंडीचे लोक ज्या अवस्थेत जगतात ती पाहता त्यांना दोष देता येत नाही, अशा आशयाचे पत्र चर्चिल यांनी पराभवानंतर एका स्नेह्यास लिहिले. त्यांच्या पत्रव्यवहारातील मला आवडणाऱ्या थोड्या पत्रांपैकी ते एक.

पुढचे दोन पराभव मी लवकर आटोपतो, परंतु प्रतिस्पर्ध्यांची नावे ऐकावीत. १९२३ साली पश्चिम लेस्टरमध्ये ज्यांनी त्यांना १३,६३४ विरुद्ध ९,२३६ मतांनी हरविले ते पेथिक-लॉरेन्स. हेच गृहस्थ पुढे भारतमंत्री झाले आणि १९४६ साली त्रिमंत्री शिष्टमंडळ घेऊन दिल्लीस आले. १९२४ च्या मार्चमध्ये वेस्टमिन्स्टर ॲबी या मतदारसंघात, ज्यात खुद्द पार्लमेंटची इमारत उभी आहे, कॉन्झर्व्हेटिव्ह उमेदवार निकल्सन यांना ८,१८७ मते व अपक्ष चर्चिल यांना ८,१४४, तफावत ४३. तिसऱ्या क्रमांकावर ६,१५६ मते घेऊन मजूर पक्षाचे फेनर ब्रॉकवे होते, कलकत्त्यास जन्मलेले आणि आपल्या स्वातंत्र्याचा जन्मभर पुरस्कार केलेले. हिंदुस्थान सोडावयाचा नाही असा ज्याचा हट्ट, त्याच्या वाटेत हिंदुस्थानचे मित्र दोन वर्षांत दोनदा उभे राहावेत!

त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात लंडनच्या ईशान्येचा एपिंग मतदारसंघ मिळाला आणि कागदाचा रंगच पालटला. आधिक्य ९,७६३. १९२९ साली ते ४,९६७ वर आले, तेवढीच काय ती काळजी. १९३१ साली २०,२८६, १९३५ साली २०,४१९. या दोन आकड्यांमधील काळ आठवा. १९३१ च्या जानेवारीत हिंदुस्थानच्या प्रश्नावर त्यांनी पक्षनेतृत्वाशी फारकत घेतली; गांधीजींविषयी न शोभणारी भाषा वापरली; १९३५ च्या कायद्याला कलमागणिक विरोध केला. ओल्डहॅमच्या २२२ मतांवर बसलेल्या सभासदाला ही मिजास परवडली नसती. हिटलरविषयीचे इशारेही त्यांनी याच वर्षांत दिले, आणि तेही स्वपक्षाच्या रोषाची पर्वा न करता. आपल्या देशाच्या बाबतीत ते अत्यंत चुकले, जर्मनीच्या बाबतीत बरोबर ठरले. परंतु दोन्ही वेळी पायाखालची जमीन तीच, एपिंगची वीस हजार मते. मतदाराने एकदा निर्धास्त केले की सभासद आपल्या शहाणपणाला आणि आपल्या दुराग्रहाला सारखाच मोकळा होतो. म्युनिक करारानंतर, १९३८ च्या नोव्हेंबरात, स्थानिक पक्षसंस्थेतच कुरबूर उठली तेव्हा विश्वासाचा ठराव १०० विरुद्ध ४४ मतांनी संमत झाला. दुसऱ्या महायुद्धाचा इतिहास त्या दालनातील शंभर हातांचे किती देणे लागतो, हे कोणी मोजलेले नाही.

१९४५ चा निकाल आपणांस ठाऊक आहे. मतदान ५ जुलैला झाले, दूरदूरच्या आघाड्यांवरील सैनिकांची मते यावयाची म्हणून मोजणी २६ जुलैला, आणि मजूर पक्षाला ३९३ जागा. पण मी म्हणतो तो एपिंगमधून तोडून काढलेल्या वुडफर्डचा निकाल. युद्धविजेत्या पंतप्रधानाविरुद्ध मजूर व लिबरल पक्षांनी तेथे उमेदवारच दिला नव्हता. उभा होता तो हॅनकॉक नावाचा एक स्वतंत्र, अपरिचित, किंचित चमत्कारिक मतांचा शेतकरी. चर्चिल यांना २७,६८८ मते पडली. ज्याच्यामागे पक्ष नव्हता, ज्याचे नाव आदल्या महिन्यापर्यंत कोणी ऐकले नव्हते, त्याला १०,४८८! त्या दिवशी देशभर काय घडले आहे हे समजून घ्यावयास हा एक आकडा मला पुरतो.

उरलेल्या चार निवडणुका, १९५० ते १९५९, वाचण्यात स्वारस्य नाही. त्यांतील सर्वांत अल्प आधिक्य १४,७९७ मतांचे. १९६४ साली ते पार्लमेंटमधून निवृत्त झाले.

मात्र या कागदावर न मावणारा असा एक बाविसावा निकाल आहे, आणि तोही डंडीचाच. युद्ध ऐन भरात असता, १९४३ साली, त्या शहराच्या नगरसभेपुढे प्रस्ताव आला की आपल्या माजी प्रतिनिधीला, आता साऱ्या राष्ट्राच्या सेनानीला, नगराचे मानाचे नागरिकत्व अर्पण करावे. मते मोजली गेली. बाजूने १६, विरुद्ध १५. एका मताच्या आधिक्याने देऊ केलेला तो मान चर्चिल यांनी स्वीकारला नाही.