प्रकाश सायकलीइतका मंद झाला तर

नदीपलीकडे कोणी लाकूड फोडीत असला तर एक गंमत आपण सर्वांनीच पाहिली आहे. कुऱ्हाड खाली आलेली दिसते, ती पुन्हा वर उचलली जाते, आणि मग कोठे तिचा ठोका कानी पडतो. आवाज सेकंदाला सुमारे 340 मीटर चालतो; नदी ओलांडायला त्याला वेळ लागतो. प्रकाशालाही लागतो बरे का! पण तो सेकंदाला जवळजवळ 3 लाख किलोमीटर धावतो, म्हणून आपल्याला त्याचा उशीर कळत नाही.

हा आकडा सृष्टीने कायमचा ठरवून दिलेला आहे. तो कोणी बदलला तर? जॉर्ज गॅमॉ या शास्त्रज्ञाने तो बदलला, अर्थात कागदावर. हे गृहस्थ 1904 साली ओडेसा येथे जन्मले आणि पुढे अमेरिकेत स्थायिक झाले. त्यांनी टॉम्पकिन्स नावाच्या एका बँकेतील कारकुनाची गोष्ट लिहिली. अनेक मासिकांनी ती साभार परत केली! शेवटी 1938 साली ती इंग्लंडात छापली गेली आणि 1940 साली अशा गोष्टींचे पुस्तक निघाले.

टॉम्पकिन्स सुटीच्या दिवशी सापेक्षतेवरील व्याख्यानाला जातो आणि तेथेच त्याला झोप लागते. (व्याख्यान देणाऱ्या माझ्यासारख्यांनी हे मनावर घेऊ नये.) स्वप्नात तो अशा गावी पोचतो, की जेथे प्रकाशाचा वेग सायकलीच्या वेगाहून फारसा जास्त नाही. रस्त्याने एक सायकलस्वार येतो, तो लांबीत चेपलेला, अगदी अरुंद! टॉम्पकिन्सला वाटते, आपणही सायकलीवर बसू म्हणजे सडपातळ होऊ. तो बसतो, पण स्वतः आहे तसाच राहतो. आखडतात ती रस्त्याकडेची घरे. कितीही जोराने पायडल मारले तरी वेग काही केल्या प्रकाशाच्या पुढे जात नाही. पुढे आगगाडीतून चाळिशीचा एक गृहस्थ उतरतो आणि एक म्हातारी त्याला चक्क "आजोबा" म्हणून हाक मारते. कारण काय, तर धंद्यापायी त्याचा जन्म आगगाडीत गेलेला, आणि धावत्या गाडीत वय सावकाश वाढते.

हे थोतांड नव्हे. आपल्या एस.टी.तही हेच घडते. ताशी 60 किलोमीटर वेगाने गाडी वर्षभर न थांबता धावली, तर तिच्यातले घड्याळ सेकंदाच्या सुमारे दोन कोटींव्या भागाने मागे पडेल. एवढ्याने कोणाची नात म्हातारी होत नाही, इतकेच.

जादूच्या गोष्टीत सांगणारा अडला की उडता घोडा हजर होतो. येथे तशी सोय नाही. एक आकडा बदलायचा, आणि मग तो नेईल तिकडे निमूटपणे जायचे. नायकाला घाई असली म्हणून नियम ढिला करता येत नाही. दुसऱ्या गोष्टींत गॅमॉंनी प्लँकचा स्थिरांक फार मोठा केला आहे; तेथे रानातला वाघ नेमका कोठे आहे हेच ठरेनासे होते. पण ते प्रकरण निराळे.

मला खरा रस आहे तो गॅमॉंच्या चुकीत. सायकल अरुंद झालेली *दिसते*, असे त्यांनी लिहिले. मोजपट्टीने मोजली तर ती आखूड भरेल, यात शंका नाही. वेग प्रकाशाच्या आठ-दशांश असेल, तर दहा फुटांची वस्तू सहा फूट भरते. पण दिसणे ही गोष्ट वेगळी. त्या गावात प्रकाशच मंद आहे ना? मग सायकलीच्या दूरच्या भागाकडून निघालेल्या प्रकाशाला डोळ्यापर्यंत यायला जवळच्या भागापेक्षा जास्त वेळ लागणार. म्हणजे डोळ्यात एकाच क्षणी शिरणारा प्रकाश वेगवेगळ्या क्षणी निघालेला असतो. नदीपलीकडची ती कुऱ्हाडच! हा हिशेब धरला तर समोरून जाणारी लहान वस्तू चेपलेली न दिसता थोडी वळल्यासारखी दिसते, आणि चेंडू तर गोलच दिसतो. हे 1959 साली रॉजर पेनरोज आणि जेम्स टेरेल यांनी वेगवेगळे दाखवून दिले. गोष्ट छापून तेव्हा एकवीस वर्षे झाली होती. दरम्यान 1956 साली ओडिशाचे बिजू पटनाईक यांच्या देणगीतून सुरू झालेले, विज्ञानप्रसाराचे युनेस्कोचे कलिंग पारितोषिकही गॅमॉंना मिळाले होते. आकडा लेखकालाही सोडीत नाही तो असा.

शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, वर्गात प्रकाशाऐवजी आवाज घ्या. तो मुलांना सोपा जाईल. आवाजाचा वेग सावकाश चालणाऱ्या माणसाइतका, सेकंदाला एक मीटर, करा. वर्ग सात मीटर लांब असेल, तर तुम्ही पुकारलेले नाव शेवटच्या बाकावर सात सेकंदांनी पोचेल. "हजर" परत यायला आणखी सात. मग शाळा सुटते. एक मुलगा "आई, भूक लागली" असे ओरडत घराकडे धाव घेतो, सेकंदाला दोन मीटर. आवाजाच्या आधी तोच दारात पोचणार, हे मुले लगेच सांगतील. त्यानंतर विचारा, मागून आईच्या कानी आधी कोणता शब्द पडेल, "आई" की "लागली"? घाईने उत्तर घेऊ नका. अंगणात दोरी पसरून, एकेका शब्दासाठी एकेक मुलगा चालवून पाहा.