‘उद्या या’ला उत्तर



मला तोंडावर ‘नाही’ म्हणणारा साहेब परवडला. नकाराला कागद असतो, त्यावर अपील असतं. पण ‘साहेब दौऱ्यावर आहेत, उद्या या’ याला ना तारीख ना सही. जातीचा दाखला टेबलावर कुजतो, आणि तिकडं पोराची कॉलेजातली जागा जाते.

९ डिसेंबर १९४८ ला बाबासाहेबांनी घटना समितीत ज्याला घटनेचा आत्मा म्हटलं, ते कलम ३२. ते सुप्रीम कोर्टाचं दार. आपल्याला जवळचं दार कलम २२६ चं, हायकोर्टाचं. तिथं मागायचा तो परमादेश; वकील त्याला मॅन्डेमस म्हणतात.

पण भ्रमात राहू नका. कोर्ट बहुतेक वेळा दाखला देत नाही. ते सांगतं, इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या. निर्णय ‘नाही’ असाही येईल! येऊ द्या. मग कारण लिहावं लागतं, आणि कारणाशी भांडता येतं.

म्हणून तोंडी मागणं बंद. लेखी अर्ज, शिक्क्याची पोच, मग स्मरणपत्र, त्याचीही पोच. कोर्ट आधी हेच विचारतं. महाराष्ट्राचा २००५ चा दिरंगाईविरोधी कायदा म्हणतो, फाईल एकाकडे साधारणपणे सात कामाच्या दिवसांवर राहू नये. मग ती कुठल्या टेबलावर किती दिवस होती, हे माहिती अधिकारात विचारा. त्याला मुदत ३० दिवसांची. उत्तर आलं की रिटला जोडा.

वकिलाचे पैसे? १९८७ च्या विधी सेवा कायद्यानं अनुसूचित जाती-जमातींना उत्पन्न न विचारता वकील फुकट. ही भीक नव्हे.

आणि कोर्टाची मुदत उलटली तरी फाईल हलली नाही, तर अवमान अर्ज. तो एका वर्षाच्या आत. वर्ष मोजायचं मुदत मोडल्या दिवसापासून.