पटांगणातला ‘अयोध्येचा राजा’



१९७२च्या दुष्काळानंतर शाळेच्या पटांगणात पडदा बांधून ‘अयोध्येचा राजा’ दाखवला होता, आठवतंय? प्रभातचा, १९३२चा, मराठीतला पहिला बोलपट. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र, दुर्गा खोटे तारामती. आवाज खरखरत होता, रीळ दोनदा तुटलं. दक्षिणेपायी राजा बायकोपोराला विकायला काढतो, तेव्हा शेजारी बसलेला आपला एक वर्गमित्र हुंदके देऊ लागला. आम्ही हसलो. मी तर सगळ्यात मोठ्यानं. सावकाराच्या देण्यापायी त्याच्या वडिलांनी त्याच आठवड्यात तुळजापूरच्या बाजारात बैलजोडी विकली होती, हे मला फार उशिरा कळलं. पुढं त्याची शाळाच सुटली.

आज तो तिसऱ्या रांगेत बसलाय. गड्या, त्या हसण्याची माफी मागतो. जेवायला माझ्याशेजारी बस.