व्याज मुद्दलात जाते तेव्हा
(वारंगा फाटा येथील शेतकरी मेळाव्यात केलेले भाषण)



हळदीचा भाव पडला की 'यंदा व्याज राहू द्या, पुढच्या वर्षी एकदम भरू' असा विचार घरोघर होतो. मोठ्या कंपन्याही हेच करतात, मात्र आधी करार करून. अमेरिकेतील नीमन मार्कस या दुकानदार कंपनीच्या 2005 मधील कर्जरोख्यांत तशी सोय होती. व्याज रोख दिले तर दर 9 टक्के, मुद्दलात मिळवले तर 9.75 टक्के.

पाऊण टक्का किरकोळ वाटतो. या दरांनी एक लाखाचा हिशेब करा. तीन वर्षे व्याज रोख भरले तर 27,000 रुपये जातात, मुद्दल लाखच राहते. मुद्दलात मिळवत गेल्यास देणे 1,32,195 रुपये होते.

आपली जुनी सवाई तर याहून कडक. पोतेभर धान्य नेले की सुगीला सव्वा पोते. नाही दिले तर सव्वावर पुन्हा सवाई. तिसऱ्या सुगीला देणे दोन पोत्यांच्या जवळ जाते. कंपनी बुडाली तर मालकाचे घर सहसा वाचते. आपली तर जमीनच तारण असते!

पीककर्जावरील 3 टक्के व्याज सवलत मुदतीत फेडणाऱ्यालाच मिळते. कर्जाचे नवे-जुने करताना थकलेले व्याज नव्या मुद्दलात गेले का, हे खातेउताऱ्यात पाहा. भावासाठी हळद थांबवायचीच असेल, तर बाजार समितीकडे शेतमाल तारण योजनेची चौकशी करा. मालाच्या किमतीच्या 75 टक्क्यांपर्यंत, 180 दिवसांसाठी 6 टक्क्यांनी उचल मिळते. त्या उचलीतून पीककर्ज मुदतीत भरता येते.