गालावरची खूण

आपल्याकडे बारशाच्या दिवशीं आत्या पाळण्याशीं वाकते आणि बाळाच्या कानांत त्याचें नांव सांगते. 'कुर्र' होतें, आत्याच्या पाठींत धपाटे बसतात, घुगऱ्या वाटल्या जातात, आणि तें बाळ नुसतें बाळ न राहतां एक विवक्षित व्यक्ति होतें. माणसाचें नांव प्रथम त्याच्या कानावाटे आंत शिरतें, असा आपला संकेत आहे. आणि ऐकणाऱ्यांच्या जगांत तो योग्यहि आहे. परंतु ज्या बाळाचा कानच बंद आहे, त्याला त्याचें नांव कोणी आणि कोणत्या वाटेनें सांगावें? ज्याला आपलें नांव बाराव्या वर्षानंतर, तेंहि घरापासून फार दूर मिळालें, अशा एका फ्रेंच मुलाची ही हकीकत आहे. ती नभोवाणीवरून सांगण्यांत एक विसंगति आहेच. ज्यांच्याविषयीं हें भाषण आहे, त्यांच्या कानीं तें पडणार नाहीं. तें छापून निघेल तेव्हां त्यांच्या डोळ्यांपुढें येईल, एवढेंच समाधान.

लोराँ क्लेर याचा जन्म २६ डिसेंबर १७८५ रोजीं, फ्रान्समध्यें ल्याँ शहराच्या पूर्वेस असलेल्या ला बाल्म नांवाच्या खेड्यांत झाला. घर खाऊनपिऊन सुखी. वडील नोटरी असून गांवचे मेयरहि होते. मूल सुमारें वर्षाचें असतांना त्याला स्वयंपाकघरांत खुर्चीवर एकटें ठेवून माणसें क्षणभर बाजूला गेलीं, आणि तेवढ्यांत तें विस्तवांत पडलें. उजवा गाल भाजला. जखम भरली, पण वण कायमचा राहिला. पुढें मुलाला ऐकूं येत नाहीं आणि वासहि कळत नाहीं, हें ध्यानांत आलें तेव्हां सारा दोष त्या अपघाताकडे गेला. तो जन्मापासूनच तसा होता कीं काय, हें आईबापांना नक्की सांगतां येत नव्हतें.

सातव्या वर्षीं आईनें त्याला ल्याँ येथें एका डॉक्टरकडे नेलें. त्यानें सुमारें पंधरा दिवस मुलाच्या कानांत निरनिराळे द्रव घातले. गुण कांहीं आला नाहीं, आणि मायलेकरें परत आलीं. त्यानंतर बाराव्या वर्षापर्यंत लोराँचें शिक्षण म्हणजे आईचे टर्की पक्षी शेतावर हांकणें, गाई कुरणांत नेणें आणि वडिलांच्या घोड्याला पाण्यावर नेणें. शाळा नाहीं, कीं अक्षराची ओळख नाहीं. घरांत त्याला कोणत्या नांवानें हांक मारतात, हें त्याला ठाऊक असण्याचा संभवच नव्हता. कागदावर लिहून दाखविलें असतें तरी ओळखतां आलें नसतें.

घरांत माया नव्हती असें कोणी समजूं नये. ज्या घरीं असें एखादें मूल वाढतें, त्या घरीं त्याच्यासाठीं कांहीं घरगुती खुणा आपोआप तयार होतात. भूक, पाणी, गाय, झोंप, 'इकडे ये', 'तिकडे जा' एवढें त्यांवर भागतें. पण ज्यांवर गरज भागते त्यांवर गप्पा भागत नाहींत. सारीं मंडळी जेवावयास बसलेलीं असतात. कोणी कांहीं बोलतो, सगळे हंसतात, आणि तें मूलहि हंसतें. मग शेजारच्या भावाला हात लावून विचारतें, काय झालें? भाऊ हातानेंच सांगतो, कांहीं नाहीं, मागून सांगतों. तें 'मागून' कधीं येत नाहीं. असे हजारों 'मागून' सांठत जातात आणि मुलाची अशी समजूत होते कीं, या घरांत आपण राहतों खरे, पण घराची गोष्ट आपल्यावांचून चाललेली आहे. ज्याला थोडें ऐकूं येतें, त्याची स्थिति तर अधिक चमत्कारिक. त्याला ऐकूं आलें नाहीं तर लोक म्हणतात कीं लक्ष नाहीं; शाळेंत मास्तर म्हणतात कीं डोकें नाहीं. समजल्याचें सोंग करण्यांतच त्याची निम्मी बुद्धि खर्च होते.

१७९७ सालीं लोराँच्या चुलत्यानें त्याला पॅरिसला नेऊन साँ-जाक रस्त्यावरील बहिऱ्यांच्या शाळेंत घातलें. ही शाळा मूळ आब्बे द लेपे या धर्मगुरूंची. दोन बहिऱ्या बहिणी त्यांच्या पाहण्यांत आल्या, त्यांना शिकवितां शिकवितां शाळा उभी राहिली, आणि १७९१ सालीं सरकारनें ती आपल्याकडे घेतली. लेपे यांचा विशेष असा कीं, बहिरीं माणसें आपसांत हातांनीं जें करतात त्याला त्यांनीं माकडचेष्टा न समजतां भाषा समजून आधीं ती स्वतः शिकून घेतली. पुढें त्या खुणांना फ्रेंच व्याकरणाचे प्रत्यय लावण्याचा उद्योगहि त्यांनीं केला, व तो फार जड झाला. व्याकरणाचा हव्यास शिक्षकाला सुटत नाहीं, हें सर्व देशांतील शिक्षकांना लागू आहे. मुलें मात्र वर्गाबाहेर आपल्या मूळच्या सुटसुटीत खुणांनींच बोलत.

लोराँचे पहिले शिक्षक झाँ मास्यू हे त्या वेळीं २५ वर्षांचे होते आणि ते स्वतः बहिरे होते. बोर्दोकडच्या एका गरीब कुटुंबांतील सहा मुलें बहिरीं, त्यांपैकीं ते एक. लहानपणीं ते मेंढरें राखीत. आपल्या लहानपणाची हकीकत त्यांनीं पुढें लिहून ठेवली आहे. बरोबरीचीं मुलें शाळेंत जातात तेव्हां आपणहि जावें असें त्यांना फार वाटे. त्यांनीं वडिलांपाशीं हट्ट धरला, तर वडिलांनीं खुणेनें सांगितलें कीं, तुला कांहीं शिकतां येणार नाहीं. तेव्हां त्या मुलानें आपलीं बोटें कानांत घातलीं आणि हे साफ करवून द्या, अशी बापाकडे मागणी केली. कान मळानें भरले असतील, साफ केले कीं शाळेंत जातां येईल, एवढाच त्याचा हिशेब! त्या मुलाला पुढें शिक्षक मिळाला, आणि तो स्वतः शिक्षक होऊन लोराँसमोर उभा राहिला. बारा वर्षांच्या पोरानें आपल्यासारखा ऐकूं न येणारा, आणि तरीहि लिहिणारा, वाचणारा, शिकविणारा मोठा माणूस तेथें प्रथम पाहिला. केवळ पुस्तकें आणि फळे देऊन ही गोष्ट साधली नसती.

येथेंच लोराँला त्याचें नांव मिळालें. बहिऱ्यांच्या समाजांत प्रत्येकाला खुणेचें नांव असतें, आणि पुष्कळदां तें शरीराच्या किंवा स्वभावाच्या एखाद्या विशेषावरून पडतें. लोराँचें पडलें त्याच्या वणावरून: तर्जनी आणि मधलें बोट जुळवून उजव्या गालावरून खालीं फिरवावयाचीं. आपल्या मराठींत 'खूण' या शब्दाचे दोन्ही अर्थ आहेत, शरीरावरचें चिन्ह आणि हाताचा इशारा. या मुलाच्या बाबतींत ते दोन्ही एकत्र आले. ज्या वणाकडे पाहून घरच्यांना अपघात आठवत असेल, त्याच वणावरून सोबती त्याला हांक मारूं लागले, आणि ती हांक त्याला समजली.

त्याच शाळेंत कांहीं मुलांना तोंडानें बोलावयास शिकविण्याचाहि प्रयत्न होत असे. एक पाद्री शिक्षक लोराँकडून उच्चार करवून घेत. कांहीं शब्द जमले. परंतु 'द' आणि 'त' यांतील भेद त्याला कांहीं केल्या साधेना. वास्तविक यांत त्याचा काय दोष? दोन्ही वर्णांना जीभ दातांमागें त्याच जागीं टेकते. फरक काय तो कंठांतल्या घोषाचा, आणि तो डोळ्यांना दिसत नाहीं. हा घोष-अघोष भेद आपल्या वैयाकरणांनीं फार प्राचीन काळीं कानानें टिपला. ज्याला कान नाहींत त्यानें तो कशानें टिपावा? ओठ पाहून बोलणें ओळखावें, असें सांगणें सोपें आहे. आरशासमोर उभें राहून आवाज न काढतां 'पाय', 'बाय', 'माय' असे तीन शब्द म्हणून पाहावे. ओठ तिन्ही वेळां एकच हालचाल करतात. त्या पाद्र्याचा एके दिवशीं तोल सुटला आणि त्यानें मुलाच्या हनुवटीखालीं जोराचा ठोसा मारला. जीभ दांतांत सांपडून चावली गेली. मुलगा रडला, आणि यापुढें तोंडानें बोलावयाचें नाहीं असा त्यानें निश्चय केला. तो त्यानें अखेरपर्यंत पाळला.

उच्चारशिक्षण व्यर्थ आहे, असा याचा अर्थ नव्हे. कांहीं मुलांना त्याचा फार उपयोग होतो, आणि आज श्रवणयंत्रें व कानांत बसविण्याचीं विद्युत्-साधनें यांमुळें अधिकच होतो. पण मुलाची सारी लायकी 'द' आणि 'त' यांवर मोजावयाची, म्हणजे जें त्याच्यापाशीं नाहीं त्याच मापानें त्याला जन्मभर मोजीत बसावयाचें. लोराँनें तें माप नाकारलें, आणि दुसऱ्या दोन वाटा भरपूर तुडविल्या: हाताची खूण आणि लिहिलेली फ्रेंच भाषा. १८०६ च्या सुमारास ते त्याच शाळेंत शिक्षक झाले.

१८१५ सालीं नेपोलियन परत आल्यावर शाळेचे प्रमुख आब्बे सिकार लंडनला गेले. बरोबर मास्यू आणि क्लेर होते. तेथें त्यांच्या जाहीर सभा होत. लोक प्रश्न विचारीत व हे दोघे फळ्यावर उत्तरें लिहीत. बहिरीं माणसें स्वतःला दुःखी समजतात काय, असा एक प्रश्न आला. ज्याच्याजवळ एखादी वस्तु कधीं नव्हतीच त्यानें ती गमावली असें होत नाहीं, मग तिच्याबद्दल शोक कसला, अशा आशयाचें उत्तर क्लेर यांनीं लिहिलें. उत्तर तर्काला धरून आहे, सभेनें टाळ्याहि पिटल्या असतील. पण त्यांत वकिली थोडी अधिक आहे. खरें उत्तर त्याच मुक्कामांत निराळ्या जागीं मिळालें. लंडनच्या बहिऱ्यांच्या शाळेंत ते पाहुणे म्हणून गेले तेव्हां सुमारें १५० मुलें एकत्र जेवावयास बसलीं होतीं. तें दृश्य पाहतांच क्लेर यांचा चेहरा उजळला. दूरदेशीं भटकणाऱ्या प्रवाशाला अकस्मात् आपल्याच देशच्या लोकांची वस्ती दिसावी तशी त्यांची अवस्था झाली, असें पाहणाऱ्यानें लिहून ठेवलें आहे. त्यांनीं हात चालविले, आणि समोरून दीडशें चेहरे आनंदानें उत्तर देऊं लागले. इंग्लंडांतल्या व फ्रान्सांतल्या खुणा एक नाहींत. तरीहि परस्परांना पुष्कळ उमगलें. ला बाल्मच्या घरांतील जेवणानंतर अशा जेवणाला पोंचावयास त्यांना तीस वर्षें लागलीं.

त्याच सभांच्या निमित्तानें टॉमस गॅलॉडेट नांवाच्या अमेरिकन तरुणाची गांठ पडली. हार्टफर्ड गांवीं मेसन कॉग्सवेल या डॉक्टरांची अॅलिस नांवाची बहिरी मुलगी होती. तिच्यासारख्यांसाठीं शाळा काढावी म्हणून गॅलॉडेट यांना विद्या शिकण्यास युरोपांत पाठविलें होतें. इंग्लंडमध्यें ही विद्या एका कुटुंबानें आपल्या मुठींत ठेवली होती; पॅरिसनें दार उघडें ठेवलें. थोडे महिने शिकल्यावर गॅलॉडेट यांनीं क्लेर यांनाच बरोबर येण्याची विनंति केली. आईचें मन तयार नव्हतें, सिकारहि प्रथम राजी नव्हते. तीन वर्षांचा करार ठरून १८ जून १८१६ रोजीं दोघे जहाजावर चढले. प्रवास ५२ दिवसांचा झाला. वाटेंत एकानें खुणा शिकविल्या, दुसऱ्यानें इंग्रजी; क्लेर यांनीं त्याच इंग्रजींत रोजनिशी लिहिली. हार्टफर्डला पोंचल्यावर अकरावें वर्ष पुरें होत आलेली अॅलिस त्यांना भेटली. कधीं न भेटलेलीं, एकमेकांच्या देशाची माहिती नसलेलीं तीं दोघें हातांनीं बोलूं लागलीं.

१५ एप्रिल १८१७ रोजीं शाळा उघडली. तीन वर्षांसाठीं गेलेले क्लेर तेथेंच राहिले आणि १८५८ पर्यंत शिकवीत होते. शाळेच्या पहिल्या विद्यार्थिनींपैकीं एलिझा बोर्डमन हिच्याशीं त्यांनीं १८१९ सालीं लग्न केलें. मुलें बहिरीं निपजतील, अशी भीति हितचिंतकांना वाटत होती. मुलें ऐकणारीं झालीं. तीं बहिरीं झालीं असतीं तर काय बिघडलें असतें, हा प्रश्न त्या काळीं कोणीं विचारला असेल असें वाटत नाहीं; त्या घरीं तरी त्यांना 'मागून सांगतों' असें कोणीं म्हटलें नसतें.

१८ जुलै १८६९ रोजीं क्लेर वारले. त्यानंतर अकरा वर्षांनीं, १८८० सालीं, मिलान येथें बहिऱ्यांच्या शिक्षकांची परिषद भरली. तींत स्वतः बहिरे असे जवळजवळ कोणीच नव्हते. शाळांतून तोंडी उच्चाराचीच पद्धति श्रेष्ठ, असा ठराव त्या परिषदेनें केला, आणि देशोदेशींच्या शाळांतून खुणा हद्दपार झाल्या, बहिरे शिक्षकहि गेले. कित्येक पिढ्यांचीं मुलें हात बांधल्यासारखीं बसलीं. मात्र रात्रीं वसतिगृहांत, दिवे मालवण्यापूर्वीं, तीच भाषा चालू राहिली. १९६० सालीं विल्यम स्टोको या इंग्रजीच्या अध्यापकानें ती सर्वांगपूर्ण भाषा असल्याचें शास्त्रीय पद्धतीनें दाखविलें, आणि २०१० सालीं व्हँकूव्हर येथें भरलेल्या त्याच परिषदेच्या अधिवेशनानें मिलानच्या ठरावाबद्दल खेद प्रकट केला. एकशें तीस वर्षें लागलीं.

क्लेर यांचें नांव बहिऱ्या मंडळींत आजहि घेतलें जातें. त्यासाठीं कोणी ओठ हलवीत नाहीं. दोन बोटें गालाला लागतात आणि हळूच खालीं येतात.