थंड खोली आणि आपला डबा

(दहावी १९९६ च्या तुकडीच्या स्नेहमेळाव्यातील मनोगत)



आयोजकांनी मला फोनवर सांगितलं, "तू अमेरिकेत सॉफ्टवेअरमध्ये आहेस, तर तुझ्या यशाबद्दल बोल." मी म्हटलं, यशाबद्दल बोलायला पाच मिनिटं पुरतील. एका चुकीबद्दल बोलले तर चालेल का? पलीकडे थोडा वेळ शांतता होती. मग उत्तर आलं, "बोल, पण जेवणाच्या आधी संपव." तेव्हा जेवणाबद्दलच बोलते.

मी न्यू जर्सीत राहते. इलेक्ट्रॉनिक्सची पदवी घेतली आणि पोट भरलं सॉफ्टवेअरवर, हे आपल्या पिढीत बऱ्याच जणांचं झालंय. काही वर्षं मी एका छोट्या कंपनीत होते. हॉटेलं, औषधांची गोदामं, आईस्क्रीमचे कारखाने यांच्या शीतगृहांत आम्ही सेन्सर बसवायचो. आतलं तापमान दर मिनिटाला आमच्याकडे यायचं. ते ठरलेल्या मर्यादेबाहेर गेलं की मालकाचा फोन वाजायचा. तो फोन कधी वाजवायचा हे ठरवणारा प्रोग्राम मी लिहिला होता.

आमच्या गिऱ्हाइकांमध्ये ब्रुकलिनमधलं एक बर्गरचं हॉटेल होतं. आपल्याकडच्या खानावळीएवढं, जेमतेम तीस खुर्च्या. पण त्याची खासियत म्हणजे तिथलं मांस मुरवलेलं असायचं. इंग्रजीत त्याला 'ड्राय एज्ड बीफ' म्हणतात. बीफ हा शब्द ऐकून कुणी अवघडलं असेल तर थोडा धीर धरा. मी स्वतः ते खात नाही. पण ते काय असतं हे सांगितल्याशिवाय माझी चूक तुम्हाला कळायची नाही.

आपल्याकडे बोंबील वलांडीवर वाळतात. उन्हाने आणि वाऱ्याने पाणी जातं आणि चव दाट होते. लोणचं बरणीत मुरतं. या दोन्ही गोष्टी एका थंड खोलीत एकत्र घडतात असं समजा. हाडासकट, चरबीसकट मोठाले तुकडे फळ्यांवर उघडे ठेवतात. खोलीचं तापमान एक ते तीन अंश, आर्द्रता साधारण ऐंशी टक्के, आणि पंख्याचा वारा सतत चालू. शास्त्राच्या बाईंनी आपल्याला विकरं शिकवली होती, आठवतं? मांसातली स्वतःची विकरंच त्यातले कठीण धागे हळूहळू तोडतात, म्हणून ते मऊ होतं. पाणी उडतं, म्हणून चव एकवटते. वर काळपट, कडक साल धरते. तीन-चार आठवड्यांनी, कधी चाळीस-पंचेचाळीस दिवसांनी ती साल कापून टाकून देतात. पाणी गेलं, साल गेली, की मूळ वजनातला पाव ते तिसरा हिस्सा कमी झालेला असतो. म्हणून ते महाग.

न्यूयॉर्कमध्ये ही परंपरा जुनी आहे. ब्रुकलिनमध्येच पीटर लूगर नावाचं १८८७ सालचं हॉटेल आहे. तिथे मांस स्वतःच्याच तळघरात मुरवतात आणि बर्गर मिळतो तो फक्त दुपारी. १९५० साली सॉल फोरमन यांनी ते विकत घेतलं, तेव्हा त्यांच्या पत्नी मार्शा यांनी सरकारी मांसपरीक्षक म्हणून निवृत्त झालेल्या माणसाकडून मांस पारखायला शिकून घेतलं. पुढे त्या घरातल्या बायकाच बाजारात जाऊन माल निवडू लागल्या. हे कळलं तेव्हा मला बाजारात मासळीचे कल्ले उघडून बघणारी माझी आजीच आठवली.

आता चुकीकडे येते.

२०१७ च्या नोव्हेंबरमधला पहिला रविवार. त्या रात्री अमेरिकेत घड्याळं एक तास मागे जातात. पहाटेचे दोन वाजले की पुन्हा एक वाजतो. आमचा नियम असा होता की हवा चार अंशांच्या वर सलग तीस मिनिटं राहिली तर मालकाला फोन. त्या रात्री एक वाजून चाळीस मिनिटांनी त्या खोलीचा कॉम्प्रेसर बंद पडला. वीस मिनिटं मोजून झाली आणि घड्याळ मागे गेलं. माझ्या प्रोग्रामला दिसलं की दोनच्या आसपासच्या नोंदीनंतर एकची नोंद आली आहे. अशा वेळी काय करायचं हेही मीच लिहून ठेवलं होतं. वेळ उलटी जाते म्हणजे सेन्सर बिघडला, त्याला यादीतून बाजूला काढा, कुणी तपासेपर्यंत त्याचं काही ऐकू नका. सेन्सर बिचारा रात्रभर खरं सांगत होता. पाच अंश, सात अंश, नऊ अंश. ऐकायला कुणी नव्हतं.

सकाळी नऊला माणसं कामावर आली तेव्हा खोलीत अकरा अंश होते. मालकाने सगळा माल फेकून दिला. नुसता तुकडा भाजायचा असता तर निदान विचार तरी करता आला असता, कारण जंतू वरच्या बाजूला असतात आणि वरची बाजू नीट भाजली जाते. पण बर्गरसाठी मांसाचा खिमा करतात, आणि खिम्यात वरचं सगळं आत मिसळतं. अमेरिकेचं कृषी खातं सांगतं की खिमा आतपर्यंत एकाहत्तर अंश सेल्सिअसला गेला पाहिजे. याच्याकडे येणारी माणसं मात्र बर्गर आतून गुलाबी मागणारी. त्याने धोका घेतला नाही. काही तुकडे अडतीस दिवसांचे होते, दोन दिवसांनी निघायचे होते.

सोमवारी मी नोंदी तपासल्या आणि अर्ध्या तासात माझी ओळ सापडली. वरिष्ठांना दाखवली. ते वाईट माणूस नव्हते. म्हणाले, "आपल्या प्रणालीत सेन्सर बिघडला असंच दिसतंय ना? तेवढंच कळवू. ते खोटं नाही."

खरंच खोटं नव्हतं. त्या रात्री मला झोप आली नाही. आणि आठवल्या कोण, तर आपल्या गणिताच्या बाई. उत्तर चुकलं की आपण खोडरबरने घासून घासून वहीला भोक पाडायचो. बाई म्हणायच्या, "खोडू नका गं. एक रेघ मारा आणि खाली नव्याने लिहा. कुठे चुकलात ते मला दिसू दे." बाई आज समोर बसल्या आहेत. बाई, तुम्ही हे किती जणांना सांगितलं असेल कोण जाणे. मला ते ब्रुकलिनच्या गाडीत बसताना उपयोगी पडलं.

मंगळवारी मी त्या हॉटेलात गेले. दुपारची गर्दी ओसरली होती. मालक पन्नाशीचा, मनगटावर जुन्या चटक्यांचे डाग. मी सांगितलं, "सेन्सर बिघडला नव्हता. प्रोग्राम चुकला आणि ती ओळ माझी होती." तो लगेच काही बोलला नाही. सिनेमातल्यासारखं त्याने माझ्या खांद्यावर हात वगैरे ठेवला नाही. म्हणाला, "पूर्वी मी रात्री एकदा येऊन बघून जायचो. तुमचा अलार्म लावला आणि यायचं बंद केलं." हे वाक्य मला अजून टोचतं. आपण एखाद्या कामावर आपलं नाव लिहितो, तेव्हा दुसरा कुणीतरी त्याच्या भरवशावर झोपलेला असतो.

मग तो उठला आणि मला ती खोली दाखवली. फळ्या धुऊन रिकाम्या ठेवल्या होत्या. एका बाजूला नवे तुकडे, त्यांच्यावर त्या दिवसाची तारीख. चाळीस दिवस विकत मिळत नाहीत, ते पुन्हा मोजावेच लागतात. तोवर तो साधा ताजा बर्गर विकणार होता, कमी दराने. खिम्यात आधी मीठ का घालत नाही, तेही त्याने सांगितलं. मीठ आत मिसळलं तर खिमा चिकट होऊन रबरासारखा लागतो, म्हणून मीठ फक्त वरून, तव्यावर टाकायच्या क्षणी. एवढं नुकसान होऊनही माणूस आपल्या कामाबद्दल बोलायला लागला की त्याचा आवाज बदलतो.

निघताना त्याने विचारलं, "जेवलीस का?" मी सांगितलं, मी बीफ खात नाही. वाटलं, निदान बटाट्याचे फ्राईज तरी घ्यावेत, म्हणून काउंटरवरच्या टोपलीकडे हात नेला. तो पटकन म्हणाला, "ते नको घेऊस. ते गाईच्या चरबीत तळलेले आहेत." मग त्याने वेगळा पॅन घासून घेतला, अंडं आणि चीज पावात घालून दिलं आणि स्वतःचा बर्गर घेऊन माझ्यासमोर त्याच टेबलावर बसला.

तो घास काही केल्या माझ्या घशाखाली उतरेना. कारण हे वाक्य मी आधी ऐकलं होतं. इथे. या शाळेत.

आठवी ब मधल्या मुलींना आठवेल. बदामाच्या झाडाखाली आपण सात जणी गोल करून डबे उघडायचो. सगळ्यांचं सगळ्यांत. माझ्या डब्यात सुकट असली की पलीकडच्या वर्गापर्यंत वास जायचा, आणि तरी कुणी काही म्हणायचं नाही. एक दिवस आपल्यातल्या एकीच्या डब्यात खिमा होता. त्यांच्याकडे पाहुणे आले होते. मी सवयीने हात पुढे केला. तिने डबा मागे ओढला आणि हळूच म्हणाली, "तू नको घेऊस. बड्याचं आहे."

ती गप्प राहिली असती तर मला कळलंही नसतं. तिने माझी काळजी म्हणून सांगितलं. आणि आपण काय केलं? कुणी भांडलं नाही, कुणी वाईट शब्द बोललं नाही. दुसऱ्या दिवशी गोल थोडा सरकला. तिच्या बाजूला जागा राहिली. तिसऱ्या दिवशी मी माझ्या डब्यावर झाकण ठेवलं. आठवड्याभरात ती पाण्याच्या टाकीपाशी एकटी बसू लागली, ती दहावीपर्यंत. खरं सांगणाऱ्याला यादीतून बाजूला काढायचं आणि मग त्याचं काही ऐकायचं नाही, हे मी प्रोग्राममध्ये लिहिण्याच्या कितीतरी आधी केलं होतं.

तो काळही आठवा. १९७६ च्या कायद्याने महाराष्ट्रात गाय कापायला बंदी होती, पण बैल आणि वळू यांना दाखला घेऊन परवानगी होती. ती २०१५ साली गेली. म्हणजे तिच्या घरी जे शिजलं ते चोरून नव्हतं. त्या कायद्याबद्दल इथे बसलेल्यांची मतं वेगवेगळी असतील, माझंही एक आहे. आज तो विषय नाही. आपण तेरा वर्षांचे होतो आणि आपल्याला तेव्हा कुठलाही कायदा माहीत नव्हता. जागा तेवढी सरकवता येत होती.

तीन आठवड्यांपूर्वी मी तिला फोन केला. ती इथेच सरकारी दवाखान्यात परिचारिका आहे. तुमच्यापैकी कितीतरी जणांच्या आईवडिलांना तिने सलाईन लावलं आहे. मी सगळं सांगितलं, माफी मागितली. ती म्हणाली, "तुझ्या लक्षात आहे? मला वाटायचं फक्त माझ्याच लक्षात आहे." मग बराच वेळ आम्ही दोघी काही बोललो नाही. मी विचारलं, हे मेळाव्यात सांगू का? तिने तीन अटी घातल्या. माझं नाव घ्यायचं नाही. मला बिचारी करायचं नाही. आणि सगळ्यांना सांगायचं की तुमच्या त्या चाळीस दिवसांच्या मांसापेक्षा माझ्या आईचा खिमा चांगला होता, आणि तुम्ही कुणी तो खाल्ला नाहीत.

तिने मला माफ केलं का, हे मी विचारलं नाही. तो तिचा हिशेब आहे. त्या हॉटेलवाल्यानेही माफ केलं असं कधी म्हटलं नाही. कंपनीने काही भरपाई दिली, एक वर्ष तो आमच्याकडे राहिला आणि मग दुसऱ्याकडे गेला. बरोबरच केलं त्याने. मी मात्र सगळ्या नोंदी जागतिक प्रमाणवेळेत ठेवायला लागले, कारण ते घड्याळ मागे जात नाही. आणि ती जुनी ओळ मी पुसून टाकली नाही. तिच्यावर एक रेघ मारून ठेवली आहे, खाली तारीख आणि कारण लिहून. नवीन मुलं कामाला लागली की त्यांना आधी ती दाखवते.

आता जेवणाची वेळ झालीच आहे. आयोजकांनी मागच्या अंगणात पंगत मांडली आहे, शाकाहारी वेगळी आणि मासळीची वेगळी. माझी एकच विनंती आहे. पदार्थ वेगळे ठेवा, वाढणारे वेगळे ठेवा, ज्याला जे नको ते त्याच्या पानात पडू देऊ नका. बसायला मात्र एकच गोल करू या, बदामाच्या झाडाखाली. शेजारी कोण बसलं आहे बघा, आणि थोडं सरकून जागा करा.

तीही आज आली आहे. मी तिच्या शेजारी बसणार आहे, तिने बसू दिलं तर.